जनरल बॅप्टिस्ट
जनरल बॅप्टिस्ट हा १७व्या शतकाच्या आरंभी उदयास आलेला इंग्लिश प्रोटेस्टंट पंथ होय. चर्च ऑफ इंग्लंडपासून फुटून ॲमस्टरडॅमच्या आश्रयाला गेलेले जॉन स्मिथ यांनी १६०९ मध्ये आधी स्वतःला व नंतर थॉमस हेल्विस आदी अनुयायांना बाप्तिस्मा दिला. अर्भक श्रद्धा ठेवू शकत नाही, म्हणून बालबाप्तिस्मा निरर्थक, ही त्यामागील भूमिका. ख्रिस्ताचे बलिदान निवडक लोकांसाठी नसून सर्वांसाठी आहे, या मतावरून ‘जनरल’ हे नाव पडले.

स्मिथ मेनोनाइट पंथाकडे झुकताच हेल्विस वेगळे झाले. मायदेशी परतून त्यांनी लंडनलगतच्या स्पिटलफील्ड्स येथे इंग्लंडमधील पहिली बॅप्टिस्ट मंडळी स्थापली. पाखंडी, मुसलमान किंवा यहुदी कोणीही असो, श्रद्धेबद्दल शिक्षा करणे राजसत्तेचे काम नव्हे, असे त्यांनी १६१२च्या ग्रंथात मांडले. त्या काळात हे धाडसच होते. त्यांची रवानगी न्यूगेट तुरुंगात झाली. १६१६पर्यंत ते मरण पावले होते.