तळटीप : तंबूतला सिनेमा
म्हसा (ता. मुरबाड) येथे पौष पौर्णिमेपासून भरणारी यात्रा जनावरांच्या बाजारासाठी प्रसिद्ध. अशा यात्राजत्रांतून फिरणाऱ्या तंबूतल्या टॉकीजकडे बहुधा शहरात चालून झिजलेली प्रिंट येई. प्रोजेक्टरच्या दातेरी चाकाने फिल्मच्या कडेची भोके फाटत. ऑपरेटर तेवढा तुकडा कापून पट्टी फिल्म-सिमेंटने जोडी. सिनेमा असा थोडाथोडा आखूड होत जाई. शहापूरच्या खेळात एक गाणे ‘नव्हतेच’, असे लेखक म्हणतो. त्याचे कारण हेच असावे. मात्र मूळ निगेटिव्ह नष्ट झाली असेल, तर जतन करणाऱ्यांना अशी झिजलेली प्रिंटही सोन्यासारखी. मूळ प्रती नष्ट होण्याची कारणे अनेक : जुनी नायट्रेट फिल्म लगेच पेट घेणारी. शिवाय कित्येक मूकपट चांदी काढण्यासाठी वितळवले गेले. जतन करणाऱ्यांपैकी पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचे (स्थापना १९६४) पी. के. नायर हे आधी सिनेमावेडे, मग अधिकारी. लहानपणी तिकिटांची अर्धुके जपणारे. दादासाहेब फाळक्यांच्या ‘कालिया मर्दन’चे (१९१९) तुकडे त्यांनी फाळके कुटुंबीयांकडून मिळवून जुळवले. फाळक्यांच्याच ‘राजा हरिश्चंद्र’ची मात्र चारपैकी दोनच रिळे हाती लागली; तीही १९१३ची की नंतरच्या आवृत्तीची, यावर अभ्यासकांचा वाद आहे. — संपा.