मानसिक आघात

मानसिक आघात म्हणजे एखाद्या भयंकर घटनेमुळे किंवा दीर्घकाळ चाललेल्या छळामुळे मनाला झालेली इजा होय. ही इजा मूळ प्रसंग संपल्यानंतरही माणसाच्या झोपेवर, स्मरणावर, नातेसंबंधांवर आणि दैनंदिन कामावर परिणाम करीत राहते. नैसर्गिक आपत्ती, अपघात, आप्ताचा अकस्मात मृत्यू, लैंगिक अत्याचार, कौटुंबिक हिंसा, बालपणीची उपेक्षा, जातीवरून होणारा अपमान आणि विस्थापन ही आघाताची प्रमुख कारणे आहेत. आघात हा स्वभावाचा दुबळेपणा नसून असाधारण प्रसंगाला शरीराने व मनाने दिलेला प्रतिसाद असतो. बहुतेक माणसे आप्तांच्या आधाराने कालांतराने सावरतात. ज्यांना ते शक्य होत नाही, त्यांच्यासाठी परिणामकारक उपचार आहेत. मात्र इजा करणारी परिस्थिती चालू असेल, तर ती थांबल्याशिवाय मन सावरणे कठीण असते.

== संज्ञा आणि मराठीतील शब्द ==

‘आघात’ या संस्कृत शब्दाचा मूळ अर्थ तडाखा किंवा प्रहार असा आहे. मानसशास्त्रातील ‘ट्रॉमा’ या संज्ञेसाठी मराठीत हा शब्द रूढ झाला. ‘ट्रॉमा’ हा शब्द ग्रीक भाषेतून आला असून त्याचा अर्थ जखम असा होतो.

शास्त्रीय संज्ञा रूढ होण्यापूर्वीही या अनुभवाच्या छटा मराठी बोलीने टिपल्या होत्या. ‘धसका घेणे’ यात एखाद्या प्रसंगाची भीती मनात कायम राहणे अभिप्रेत आहे. ‘हाय खाणे’ म्हणजे दुःखाने खचून जाणे. ‘मनाला लागणे’ हा वाक्प्रचार शब्दाने झालेल्या जखमेसाठी वापरतात, तर ‘आतल्या आत कुढणे’ हे न बोलता सोसण्याचे वर्णन आहे. ‘तोंड दाबून बुक्क्यांचा मार’ ही म्हण तर मार आणि त्याविषयी बोलण्याची बंदी या दोन्ही गोष्टी एकत्र सांगते. पुष्कळदा रुग्ण ‘मला नैराश्य आले आहे’ असे म्हणत नाही. तो ‘जीव घाबरा होतो’, ‘छातीत धडधडते’, ‘डोके जड होते’ असे सांगतो. अशा शारीरिक तक्रारींमागे मनाचे दुखणे असू शकते, हे प्राथमिक तपासणी करणाऱ्या डॉक्टरांनी ध्यानात घेणे आवश्यक असते.

== स्वरूप ==

आघाताचे स्थूलमानाने दोन प्रकार मानले जातात. पहिल्या प्रकारात भूकंप किंवा अपघात यांसारखी एकच घटना असते. तिला आरंभ असतो आणि शेवटही असतो. दुसऱ्या प्रकारात इजा वारंवार होते आणि ती करणारी व्यक्ती बहुधा जवळची, विश्वासातील किंवा जिच्यावर अवलंबून राहावे लागते अशी असते. घरातील सततचा पाणउतारा, धमक्या, संशय, माहेरच्या माणसांशी बोलू न देणे, मुलांना मारहाण व हेटाळणी यांचा समावेश या प्रकारात होतो. अंगावर वळ नसल्यामुळे हा आघात इतरांना दिसत नाही आणि सोसणाऱ्या व्यक्तीलाही तो आपलाच दोष वाटू लागतो.

धोक्याच्या क्षणी हृदयाचे ठोके वाढतात, स्नायू ताणले जातात आणि शरीर लढण्यास किंवा पळण्यास सिद्ध होते. दोन्ही अशक्य असल्यास ते थिजून जाते. अत्याचाराच्या वेळी पीडित व्यक्ती ओरडली नाही किंवा तिने प्रतिकार केला नाही, याचे कारण अनेकदा हे थिजणे असते. ती संमती नव्हे.

== लक्षणे ==

* नको असताना प्रसंग पुन्हापुन्हा आठवणे, दुःस्वप्ने पडणे, प्रसंग आताच घडत आहे असे वाटणे
* त्या प्रसंगाशी निगडित जागा, माणसे व विषय टाळणे
* सतत सावध राहणे, लहानशा आवाजाने दचकणे, झोप न लागणे, चिडचिड होणे
* भावना बधिर होणे, आनंद न वाटणे, अपराधीपणा व शरम

लहान मुलांत हीच लक्षणे निराळ्या रूपात दिसतात. सुटलेली अंथरूण ओले करण्याची सवय परत येणे, आईला न सोडणे, खेळात तोच प्रसंग पुन्हापुन्हा करणे, अभ्यासात अचानक मागे पडणे ही त्याची उदाहरणे होत. किशोरवयीन मुलांतील उद्धटपणा किंवा शाळेतील गैरहजेरी यांमागेही आघात असू शकतो.

प्रसंगानंतरच्या पहिल्या काही आठवड्यांत अशी लक्षणे दिसणे स्वाभाविक आहे. ती एक महिन्याहून अधिक काळ टिकली आणि जगण्यात अडथळा आणू लागली, तर ‘आघातोत्तर ताणविकार’ असे निदान होऊ शकते. या विकाराला १९८० मध्ये अमेरिकन मनोविकारतज्ज्ञांच्या संघटनेच्या वर्गीकरणात स्थान मिळाले. जागतिक आरोग्य संघटनेच्या अकराव्या आजार-वर्गीकरणात, दीर्घ छळातून उद्भवणाऱ्या ‘जटिल आघातोत्तर ताणविकारा’ची स्वतंत्र नोंद आहे. हे वर्गीकरण २०२२ पासून लागू झाले. या संघटनेच्या माहितीनुसार जगातील सुमारे ७० टक्के लोकांच्या वाट्याला आयुष्यात केव्हातरी आघातकारक प्रसंग येतो. मात्र त्यानंतर हा विकार जडणाऱ्यांचे प्रमाण ५.६ टक्के इतके आहे.

== महाराष्ट्रातील अनुभव ==

=== किल्लारी भूकंप ===

३० सप्टेंबर १९९३ रोजी पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी लातूर व उस्मानाबाद (सध्याचा धाराशिव) जिल्ह्यांत भूकंप झाला. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी होती आणि गणेश विसर्जन आटोपून लोक झोपी गेले होते. दगड-मातीच्या जाड भिंतींखाली हजारो माणसे मृत्युमुखी पडली. ज्या घराने ऊन-पावसापासून राखले तेच अंगावर कोसळल्यामुळे वाचलेल्यांच्या मनात घराविषयीच धास्ती बसली. अनेक जण दीर्घकाळ छताखाली झोपण्यास कचरत होते.

या आपत्तीनंतर मदतकार्यात मानसिक आरोग्याचा विचार होऊ लागला. मनोविकारतज्ज्ञ आणि अभिनेते डॉ. मोहन आगाशे यांनी भूकंपाच्या मानसिक परिणामांच्या अभ्यासात पुढाकार घेतला. शांतिलाल मुथ्था यांच्या भारतीय जैन संघटनेने सुमारे १,२०० भूकंपग्रस्त मुलांना पुण्यात आणून त्यांच्या निवासाची व शिक्षणाची सोय केली. एकाच प्रसंगातून गेलेली मुले एकत्र राहिली व त्यांचा शाळेचा दिनक्रम पुन्हा सुरू झाला, हे या प्रयत्नाचे वैशिष्ट्य होते. सुमारे ५० गावांचे नव्या जागी पुनर्वसन झाले. नव्या घरांमुळे निवारा मिळाला. परंतु जुनी गल्ली, शेजार आणि पार यांची जागा आखीव रस्त्यांनी घेतली. पुनर्वसन म्हणजे केवळ बांधकाम नव्हे, हा या अनुभवाचा धडा मानला जातो.

=== माळीण दुर्घटना ===

३० जुलै २०१४ रोजी पुणे जिल्ह्याच्या आंबेगाव तालुक्यातील माळीण या आदिवासी गावावर दरड कोसळली. चाळीसहून अधिक घरे गाडली गेली आणि सुमारे १५० जणांचा मृत्यू झाला. नवे गाव जवळच आमडे येथे वसविण्यात आले. एप्रिल २०१७ मध्ये ते ग्रामस्थांना सुपूर्द करण्यात आले. ज्यांचे जवळजवळ सर्व आप्त एकाच वेळी गेले, त्यांच्यापुढे ‘मीच का वाचलो’ हा प्रश्न उभा राहतो. वाचलेल्यांना छळणारी ही अपराधी भावना आपत्तींनंतर सर्वत्र आढळते. तिच्यात तर्क शोधण्यापेक्षा ती ऐकून घेणे अधिक उपयोगी ठरते.

=== घरातील छळ ===

टाटा सामाजिक विज्ञान संस्थेने १९८४ मध्ये मुंबई पोलिसांच्या सहकार्याने महिला व मुलांसाठी विशेष कक्ष सुरू केला. पुढे मुंबई महानगरपालिका आणि ‘सेहत’ ही संस्था यांनी वांद्रे येथील भाभा रुग्णालयात ‘दिलासा’ हे केंद्र उभारले. जखमेवर मलमपट्टी करून स्त्रीला घरी पाठविण्याऐवजी ‘हे कसे झाले’ असे एकांतात विचारणे आणि उत्तरावर विश्वास ठेवणे, ही या केंद्राची पद्धत आहे. झोप न लागणे, विष घेणे किंवा सतत डोके दुखणे यांमागील छळ अशा विचारण्यातून उघड होतो.

== बारामती व इंदापूर परिसर ==

पुणे जिल्ह्याच्या पूर्व भागातील बारामती आणि इंदापूर तालुक्यांत आघाताची अनेक रूपे एकत्र दिसतात. बारामती एमआयडीसीत बाहेरगावहून आलेले कामगार पाळ्यांमध्ये काम करतात. यंत्रावरील अपघातात जखमी झालेल्या कामगाराइतकाच तो अपघात पाहणारा सहकारीही हादरलेला असू शकतो. त्याच यंत्राजवळ जाताना हात थरथरणे हा कामचुकारपणा नसतो. गावापासून, नातलगांपासून दूर असल्यामुळे सांगावे असे माणूस जवळ नसते. साखर कारखान्यांच्या हंगामात येणाऱ्या ऊसतोड कुटुंबांची हीच स्थिती असते. त्यांच्या मुलांची शाळा सुटते आणि स्त्रियांची असुरक्षितता वाढते.

भीमा नदीवरील उजनी धरण १९८० मध्ये पूर्ण झाले. त्याच्या जलाशयात इंदापूर तालुक्यातील जुने पळसदेवसारखी गावे गेली. पाणी ओसरले की तेथील पळसनाथाचे प्राचीन मंदिर उघडे पडते आणि विस्थापित कुटुंबे दर्शनास जातात. गमावलेल्या ठिकाणाला अशी भेट देणे, नाव घेणे, एकत्र जमणे हा शोक व्यक्त करण्याचा समाजमान्य मार्ग ठरतो.

बारामती येथे २०१९ मध्ये शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले. सध्या ते पुण्यश्लोक अहिल्यादेवी होळकर यांच्या नावाने ओळखले जाते. गंभीर मनोविकारांसाठी जिल्ह्यात येरवडा येथे प्रादेशिक मनोरुग्णालय आहे.

== सावरण्याची प्रक्रिया ==

अमेरिकन मनोविकारतज्ज्ञ ज्युडिथ हर्मन यांनी १९९२ मध्ये सावरण्याचे तीन टप्पे मांडले: सुरक्षितता, आठवण व शोक, आणि जगाशी पुन्हा जोडले जाणे. हे टप्पे सरळ रेषेत येत नाहीत. वर्षश्राद्ध, विशिष्ट आवाज किंवा वास यांमुळे जुने दुःख परत उसळते. त्याचा अर्थ सारे प्रयत्न वाया गेले असा नव्हे.

पहिला टप्पा वगळता येत नाही. मारणाऱ्या किंवा अपमान करणाऱ्या व्यक्तीच्या ताब्यात राहणाऱ्या माणसास ‘विसरून जा’, ‘क्षमा कर’ असा उपदेश करणे निरुपयोगी व घातक असते. क्षमा ही सावरण्याची अट नाही.

जागतिक आरोग्य संघटनेने २०११ मध्ये प्रसिद्ध केलेल्या मानसिक प्रथमोपचाराच्या मार्गदर्शिकेत पाहणे, ऐकणे आणि जोडून देणे अशी तीन सूत्रे आहेत. व्यक्ती सुरक्षित आहे का ते पाहावे, तिला बोलायचे असल्यास शांतपणे ऐकावे आणि आप्त, अन्न, निवारा, डॉक्टर यांच्याशी तिचा संपर्क घडवून आणावा. प्रसंगाचा तपशील सांगण्याची सक्ती करू नये.

विकार जडल्यास प्रशिक्षित तज्ज्ञाकडून आघातकेंद्रित बोधात्मक-वर्तन उपचार घेता येतात. यात टाळलेल्या आठवणींना सुरक्षित वातावरणात, हळूहळू सामोरे जाणे आणि ‘दोष माझाच’ यांसारखे विचार तपासणे यांचा समावेश असतो. नेत्रचालनावर आधारित ‘ईएमडीआर’ ही पद्धतही मान्यताप्राप्त आहे. काही रुग्णांना औषधांचा उपयोग होतो. दारूने झोप येते असे वाटले तरी झोपेची प्रत खालावते आणि व्यसन जडण्याचा धोका वाढतो.

== गैरसमज ==

* ‘काळ हेच औषध’: अनेकांच्या बाबतीत काळ मदत करतो, परंतु छळ चालू असेल तर काळ इजा वाढवितो.
* ‘बाहेरची बाधा झाली’: थिजणे, भान हरपणे, दचकणे यांना बाधा समजून होणारी मारहाण हा नवा आघात असतो. महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यानुसार भूत उतरविण्याच्या नावाखाली मारहाण करणे हा गुन्हा आहे.
* ‘पुरुष रडत नाहीत’: या समजुतीमुळे पुरुषांचे दुःख राग, मौन किंवा व्यसन यांच्या रूपाने बाहेर पडते.

== कायदा आणि मदत ==

कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण अधिनियम, २००५ मध्ये शाब्दिक व भावनिक छळ हा हिंसेचाच प्रकार मानला आहे. अपमान, नावे ठेवणे, मूल किंवा मुलगा नसल्याबद्दल टोमणे मारणे यांचा त्यात उल्लेख आहे. त्यासाठी संरक्षण अधिकाऱ्याकडे दाद मागता येते. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३ च्या कायद्यानुसार दहा किंवा अधिक कर्मचारी असलेल्या प्रत्येक आस्थापनेत अंतर्गत समिती बंधनकारक आहे. एमआयडीसीतील कारखान्यांनाही हे लागू होते. मानसिक आरोग्यसेवा अधिनियम, २०१७ अन्वये शासनाच्या किंवा शासकीय अनुदानावर चालणाऱ्या यंत्रणेकडून मानसिक उपचार मिळणे हा प्रत्येकाचा हक्क आहे. आत्महत्येचा प्रयत्न करणारी व्यक्ती तीव्र ताणाखाली होती असे हा कायदा गृहीत धरतो आणि तिची काळजी घेण्याचे कर्तव्य शासनावर सोपवितो.

केंद्र शासनाची ‘टेली-मानस’ ही दूरध्वनी सेवा ऑक्टोबर २०२२ मध्ये सुरू झाली. १४४१६ या क्रमांकावर ती चोवीस तास विनामूल्य असून मराठीतही बोलता येते. बालकांसाठी १०९८, महिलांसाठी १८१ आणि तातडीच्या प्रसंगी ११२ हे क्रमांक उपलब्ध आहेत. स्वतःस इजा करण्याचे विचार येत असल्यास त्या व्यक्तीस एकटे न सोडता त्वरित जवळच्या रुग्णालयात न्यावे.