हापसा, इंजिन आणि फियाट

इंदापूर तालुक्यातल्या पोराला वालचंदनगर आधी गाव म्हणून कळतं, माणूस म्हणून मागाहून. सोलापूरच्या वालचंद हिराचंदांनी कळंबच्या माळावर ऊस लावला, 1930 च्या दशकात साखर कारखाना उभा केला. याच माणसानं 1944 साली प्रीमियर ऑटोमोबाइल्स ही मोटारींची कंपनी काढली. तिच्या कुर्ल्याच्या कारखान्यात पुढं फियाट 1100 तयार होऊ लागली. 1974 पासून तिचं नाव प्रीमियर पद्मिनी झालं. नाव कंपनीनं बदललं, आमच्या भागानं नाही. आमच्याकडं ती शेवटपर्यंत फियाटच.

नव्या गाडीला नंबर लावून वर्षानुवर्षं थांबावं लागायचं. म्हणून आमच्या तात्यांनी, म्हणजे माझ्या चुलत्यांनी, उसाच्या बिलातून जुनी फियाट घेतली. लासुर्ण्याच्या आसपासच्या वस्त्यांना तिचा मोठा आधार होता. लग्नाची वरात असो, इंदापूरच्या कोर्टाची तारीख असो, नाहीतर बारामतीचा दवाखाना, लोक रात्री-अपरात्री तात्यांनाच हाक मारायचे.

तात्या मोटारीचं काम कुणाकडं शिकले नव्हते. पण त्यांना पंप कळत होता. नीरा डाव्या कालव्याचं पाणी आमच्या भागात 1885 च्या सुमारास आलं. तरी पाळी चुकली की विहिरीवरच भिस्त. विहिरीवर डिझेल इंजिन. फूट व्हॉल्व्ह गळला की पंप हवा धरतो, मग किती का फिरंना, पाणी चढत नाही, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक. 1972 च्या दुष्काळानंतर गावोगाव हापसे आले. दांडा दाबला की आतला वायसर पाणी ओढतो, हेही सगळ्यांनी खोलून पाहिलेलं.

फियाटचा पेट्रोल पंप म्हणजे इंजिनाच्या कुशीला दोन नटांवर बसवलेला इवलासा हापसाच. इंजिनातला कॅमशाफ्ट फिरताना त्याचा दांडा हलवतो, दांडा रबरी पडदा खाली खेचतो, मागच्या टाकीतलं पेट्रोल एका झडपेतून आत येतं. मग स्प्रिंग पडदा वर ढकलते आणि दुसऱ्या झडपेतून पेट्रोल कार्बोरेटरला जातं.

1986 च्या मे महिन्यात माझ्या चुलतबहिणीला, अक्काला, बाळंतपणासाठी बारामतीला नेत होतो. बेलवाडी मागं टाकली आणि सणसर यायच्या आत गाडी आचके देत बंद पडली. दुपारचे दोन वाजले होते. मागच्या सीटवर अक्का कण्हत होती, आजी तिला वारा घालत होती.

"आरं, पोरीला कळा येत्यात आन् तू बानट काय उघडून बसलाय?"

"आये, धा मिंटं दम धर."

उन्हाळ्यात इंजिनाच्या धगीनं पंपातल्या पेट्रोलची वाफ होते आणि पंप हवा धरल्यागत होतो. तात्यांनी चारीच्या पाण्यात पंचा भिजवून पंपाला गुंडाळला. थोडं थांबून सेल्फ मारला. गाडी उठेना. मग त्यांनी कार्बोरेटरकडची नळी सोडून बाटलीत धरली आणि मला सेल्फ मारायला लावला. बाटली कोरडीच. पंपाकडं येणाऱ्या नळीतून टाकीकडं फुंकून पाहिलं, वाट मोकळी होती. शेवटी ऑइलची पट्टी काढून त्यांनी नाकाला लावली.

"पेट्रोलचा वास येतोय. पडदा फाटलाय बग. पेट्रोल समदं ऑइलात उतारतंय."

रबर वयानं विरलं होतं. डिकीत मिस्त्रीनं नवा पडदा घालून दिलेला जुना पंप होता. तात्यांनी टाकीकडच्या नळीच्या तोंडात बाभळीची काटकी ठोकली, दोन नट काढले, चिकटलेलं पॅकिंग पात्यानं खरवडलं. गरम इंजिनाची धग अडवणारा बेकलाइटचा तुकडा जपून परत बसवला. पॅकिंग मोजून तेवढंच घातलं. जाड झालं तर दांड्याची चाल कमी पडते. अर्ध्या तासात गाडी सुरू झाली. ऑइल पातळ झालं होतं म्हणून तात्यांनी गाडी बेतानं हाकली, आणि अक्काला दवाखान्यात पोचवल्यावर आधी ऑइल बदललं. संध्याकाळी अक्काला मुलगा झाला.

पद्मिनी 2000 च्या सुमारास बंद झाली. त्याच वर्षी देशभर धुराचे नवे नियम आले आणि हळूहळू कार्बोरेटरही गेला. आता पंप विजेवर चालतो आणि पेट्रोलच्या टाकीत बुडालेला असतो. तो उन्हानं अडत नाही, हे चांगलंच झालं. इकडं विहिरी-बोअरवरही सबमर्सिबल मोटारी आल्या. तिथलाही पंप पाण्याच्या तळाशी गेला.

तात्यांच्या पिढीनं एका पंपावरून दुसरा ओळखला, कारण दोन्ही डोळ्यांपुढं होते. आजच्या पोरांना दोन्ही दिसत नाहीत. त्यांचं डोकं काही कमी नाही. पण बिघडलं की फोन लावायचा आणि वाट बघायची, एवढंच त्यांच्या हातात उरलंय.