सहकारी संस्थेतून बडतर्फी : दाद कोठे मागावी?

पतसंस्था, दूध संघ किंवा नागरी सहकारी बँकेतून बडतर्फ झालेला कर्मचारी पुष्कळदा प्रथम निबंधक कार्यालयाची वा सहकार न्यायालयाची पायरी चढतो. संस्था सहकारी, म्हणून तंटाही सहकार कायद्याखालचा, असा त्याचा समज असतो. हा समज महागात पडतो. अर्ज योग्य न्यायालयात नव्हता, एवढ्याच कारणावरून तो वर्षानुवर्षांनी निकालात निघू शकतो.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ९१ अन्वये संस्थेची घटना, निवडणूक, सर्वसाधारण सभा, व्यवस्थापन व व्यवसाय यांसंबंधीचे वाद सहकार न्यायालयाकडे जातात. नोकरीचा प्रश्न ‘व्यवस्थापना’त मोडतो, असा युक्तिवाद पूर्वी होत असे. परंतु औद्योगिक विवाद या कलमातून वगळलेले आहेत. महाराष्ट्र राज्य सहकारी गृहनिर्माण वित्त महामंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये स्पष्ट केले की, बडतर्फीविरुद्धचा वाद ऐकण्याचा अधिकार सहकार न्यायालयास नाही. बहुराज्यीय संस्थांच्या २००२ च्या कायद्यात तर कलम ८४ मध्येच शिस्तभंगाच्या कारवाईचे वाद वगळले आहेत. केरळसारख्या राज्यांत स्थिती निराळी आहे. तेथील निवाड्यांवर इथे विसंबू नये.

थेट उच्च न्यायालयात रिट अर्ज करण्याची वाटही बहुधा बंदच असते. हिमाचल प्रदेशातील कांगडा मध्यवर्ती सहकारी बँकेच्या बडतर्फ अधिकाऱ्याचा अर्ज २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याच कारणाने नाकारला : निबंधकाचे नियंत्रण आहे एवढ्यावरून संस्था ‘राज्य’ ठरत नाही.

मुख्य मार्ग कामगार कायद्याचा. बडतर्फी सूडबुद्धीची, खोट्या आरोपावरची किंवा नैसर्गिक न्याय डावलून केलेली असल्यास राज्याच्या १९७१ च्या कायद्याखाली अनुचित कामगार प्रथेची तक्रार करता येते. तिची मुदत अवघी ९० दिवसांची आहे. उशीर समाधानकारक कारणाने माफ होऊ शकतो, पण त्या भरवशावर राहू नये. दुसरा मार्ग कामगार आयुक्त कार्यालयातील समेटाचा आणि त्यापुढे न्यायाधिकरणाचा. औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ नुसार यासाठी तीन वर्षे मिळत. २१ नोव्हेंबर २०२५ पासून औद्योगिक संबंध संहिता लागू झाली आणि ही मुदत दोन वर्षांवर आली. १९७१ चा कायदा राज्याचा असल्याने संहितेने रद्द केलेल्या कायद्यांत त्याचे नाव नाही. तरीही संक्रमणाच्या या काळात कोणता मार्ग धरावा, हे जाणकार वकिलाकडून आधीच ठरवून घ्यावे.

हे दोन्ही मार्ग ‘कामगार’ या व्याख्येत बसणाऱ्यांसाठीच आहेत. येथे हुद्द्याच्या नावापेक्षा प्रत्यक्ष काम महत्त्वाचे. ‘शाखाधिकारी’ म्हणवला जाणारा माणूस दिवसभर खतावणीच लिहीत असेल, तर तो कामगार ठरू शकतो. संहितेनुसार पर्यवेक्षकाचे काम करून दरमहा १८,००० रुपयांहून अधिक वेतन घेणारा मात्र व्याख्येबाहेर जातो. पिग्मी गोळा करणाऱ्या प्रतिनिधींना बँकांच्या संदर्भात २००१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कामगार मानले. गृहनिर्माण संस्थेच्या रखवालदाराची बाजू मात्र कमकुवत आहे; केवळ सभासदांना सेवा पुरवणारी अशी संस्था ‘उद्योग’ नव्हे, असा २००२ चा निवाडा आहे.

व्यवस्थापकासारख्या वरिष्ठांना दिवाणी न्यायालय उरते. तेथे पुनर्स्थापना सहसा मिळत नाही, नुकसानभरपाई मिळू शकते. चुकीच्या न्यायालयात सद्भावनेने व तत्परतेने घालवलेला काळ दिवाणी दाव्याच्या मुदतीतून वगळण्याची सोय मुदत कायद्याच्या कलम १४ मध्ये आहे, हा एक दिलासा.

निकालाचा पाया मात्र खातेनिहाय चौकशीतच घातला जातो. दोषारोपपत्राला लेखी उत्तर द्यावे, कागदपत्रांच्या प्रती लेखी मागाव्यात, साक्षीदारांची उलटतपासणी सोडू नये. चौकशीवर रागाने बहिष्कार टाकणाऱ्याचे बहुधा स्वतःचेच नुकसान होते. मागील वेतन हवे असल्यास, बडतर्फीनंतर आपण अन्यत्र कमाईच्या नोकरीत नव्हतो, असे अर्जात स्पष्ट लिहावे. २०१३ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निवाड्यानंतर ते आवश्यकच झाले आहे. भविष्य निर्वाह निधीची जमा रक्कम बडतर्फीमुळे बुडत नाही. उपदानही कायद्यात नमूद केलेल्या कारणांवाचून संस्थेला अडवता येत नाही, आणि त्याची मागणी मुख्य दाव्याची वाट न पाहता स्वतंत्रपणे करता येते.