किनारदर्शन (रायगड जिल्हा)

किनारदर्शन (रायगड जिल्हा) : एकदाच मूल्य भरून पास घ्यावा, वाटेतील कोणत्याही थांब्यावर उतरून स्थळ मनसोक्त पाहावे आणि मागून येणाऱ्या गाडीत बसून पुढचा पल्ला गाठावा, अशी जी पर्यटनपद्धती सिंगापूर, हाँगकाँग यांसारख्या आशियाई महानगरांत उघड्या छताच्या बसगाड्यांच्या रूपाने रूढ झाली आहे, तिचे एक स्वतंत्र रूप मुंबई बंदराच्या पैलतीरी, मांडव्यापासून हरिहरेश्वरापर्यंत पसरलेल्या किनाऱ्यावर आढळते. तेथे तिचे वाहन एक नसून तीन आहेत : मुंबईहून येणारी लाँच, राज्य परिवहन महामंडळाची एस.टी. आणि खाडी ओलांडून देणारी फेरीबोट. घड्याळाइतकीच सत्ता तेथे चंद्राच्या कलेची चालते, हा या किनाऱ्याचा विशेष होय.

खुद्द मुंबईत बेस्टची बससेवा १५ जुलै १९२६ रोजी सुरू झाली आणि १९३७ पासून दुमजली गाड्या धावू लागल्या. महाराष्ट्र पर्यटन विकास महामंडळाच्या सहकार्याने १९९७ पासून चालविण्यात आलेली ‘नीलांबरी’ ही उघड्या छताची दुमजली गाडी दक्षिण मुंबईच्या भव्य इमारती रात्रीच्या दिव्यांत दाखवीत असे. ती ऑक्टोबर २०२३ मध्ये बंद पडली. उतरण्या-चढण्याची मुभा असलेली वातानुकूलित सेवा बेस्टने २०२१ मध्ये आरंभिली. अशा सोयी महानगराच्या दक्षिण टोकाशी थांबतात. तेथून पुढे, गेट वे ऑफ इंडियाच्या पायऱ्यांशी, रायगडचे किनारदर्शन सुरू होते. डिसेंबर १९२४ मध्ये खुल्या झालेल्या या कमानीखालून सुटणाऱ्या लाँचपैकी काही घारापुरीस आणि काही मांडव्यास जातात. १९८७ मध्ये जागतिक वारशाच्या यादीत समाविष्ट झालेल्या लेण्यांचे घारापुरी बेट पाहून परतणाऱ्या बहुसंख्य प्रवाशांच्या ध्यानातही येत नाही की आपण मुंबईबाहेर जाऊन रायगड जिल्ह्यातील उरण तालुक्यास भेट देऊन आलो. या जगप्रसिद्ध बेटावरील वस्तीस नियमित वीज २०१८ मध्ये मिळाली. लेणी सोमवारी बंद असतात.

मांडव्याची लाँच सुमारे तासाभराची असून तिच्या तिकिटात धक्क्यापासून अलिबागपर्यंतच्या बसचे भाडेही समाविष्ट असते. एकाच तिकिटावर जलमार्ग व भूमार्ग जोडणारी ही व्यवस्था अनेक वर्षे विनातक्रार चालू असूनही तिची नोंद पर्यटनविषयक ग्रंथांत क्वचितच सापडते, ही खेदाची गोष्ट आहे. पावसाळ्यात, जूनपासून ऑगस्टअखेरपर्यंत, गेट वेवरून या लाँच बंद राहतात. भाऊच्या धक्क्यावरून मांडव्यास जाणारी, मोटारगाड्याही वाहून नेणारी रो-रो बोट मार्च २०२० मध्ये सुरू झाल्यापासून पावसाळ्यातील मार्गही, हवामान अनुकूल असेल तेव्हा, खुला राहू लागला आहे.

लाँचवरील पावसाळ्यातील बंदीमागे केवळ सरकारी दक्षता नाही. १७ जुलै १९४७ रोजी, आषाढी अमावास्येच्या सणासाठी घरी निघालेल्या चाकरमान्यांनी भरलेली ‘रामदास’ ही आगबोट मुंबईहून रेवसकडे जात असता काशाच्या खडकानजीक उलटली आणि सहाशेहून अधिक माणसे बुडाली. स्वातंत्र्य महिन्याभरावर आले असताना कुलाबा (आजच्या रायगड) जिल्ह्यातील कित्येक गावांवर एकाच दिवशी सुतकाची छाया पसरली. किनाऱ्यावरील कोळ्यांनी आपल्या होड्यांतून जे वाचवता आले ते जीव वाचवले. भारताच्या सागरी इतिहासातील या भीषण अपघाताचे स्मरण मांडवा–रेवस परिसरातील वृद्धांच्या बोलण्यात अद्याप निघते, आणि मुंबईच्या जलमार्गाचा इतिहास लिहिताना त्याला एखाद्या तळटीपेत ढकलणे अन्यायाचे होईल. लाँचवर जीवरक्षक जाकीट देण्यात आले असता ते चढवून घेण्यात प्रवाशाने संकोच करू नये.

किनाऱ्यावरील प्रवासाचा कणा मात्र एस.टी. हाच आहे. १ जून १९४८ रोजी पुणे–अहमदनगर मार्गावर पहिली गाडी सोडणाऱ्या या संस्थेच्या रायगड विभागाचे मुख्यालय पेण येथे असून अलिबाग, मुरूड व श्रीवर्धन ही किनाऱ्यावरील आगारे होत. अलिबागपर्यंत प्रवासी रेल्वे पोहोचलेली नसल्यामुळे एस.टी.चे महत्त्व येथे अन्य जिल्ह्यांपेक्षा अधिक आहे. महामंडळाची ‘आवडेल तेथे प्रवास’ ही योजना १९८८ पासून अस्तित्वात असून तिच्या चार व सात दिवसांच्या पासावर धारकास कोठेही चढण्याची व कोठेही उतरण्याची मुभा असते. महानगरी दर्शनबसच्या तिकिटात जी सवलत एका शहरापुरती मिळते, ती या पासाने सबंध राज्यात मिळते. आणि प्रस्तुत लेखकाच्या मते रायगडच्या किनाऱ्याइतका तिचा सार्थ उपयोग अन्यत्र क्वचितच होत असेल, कारण येथे दर चार-पाच कोसांवर इतिहासाचा एक वेगळा अंमल सुरू होतो. ज्यांना पास नको असेल त्यांच्यासाठी साध्या तिकिटावर महिलांना मार्च २०२३ पासून निम्म्या भाड्याची सवलत आहे, आणि ७५ वर्षांवरील ज्येष्ठांना ऑगस्ट २०२२ पासून प्रवास विनामूल्य आहे. फाट्यापासून आत जाण्यासाठी सहा आसनी मिनीडोअर रिक्षा मिळतात.

वेळापत्रकाच्या दुसऱ्या अर्ध्या भागाविषयी, म्हणजे भरती-ओहोटीविषयी, थोडे विस्ताराने लिहिणे आवश्यक आहे, कारण ते कोणत्याही बसस्थानकावर लावलेले नसते. किनाऱ्यावरील लोक भरतीची वेळ पंचांगावरून काढतात : तिथीच्या अंकाची पाऊणपट केली असता भरतीचा तास स्थूलमानाने हाती येतो आणि त्यानंतर सुमारे सहा तासांनी पूर्ण ओहोटी होते. चतुर्थीस तीन वाजता भरती, म्हणून सकाळी नऊच्या सुमारास ओहोटी. अष्टमीस सहा वाजता भरती, म्हणून ओहोटी दुपारी बाराला. परंतु अष्टमीच्या आसपास भांगाचे दिवस असल्यामुळे पाणी पुरते उतरत नाही, आणि अमावास्या-पौर्णिमेस उधाणाची ओहोटी खोल असली तरी ती सकाळी व सायंकाळी सहाच्या सुमारास पडते. यास्तव जलदुर्गास पायी जाऊ इच्छिणाऱ्याने तृतीया-चतुर्थीची सकाळ किंवा त्रयोदशीची दुपार निवडणे श्रेयस्कर. अलिबागचा कुलाबा किल्ला आणि हरिहरेश्वराची प्रदक्षिणा या दोन्ही स्थळांना हा हिशेब सारखाच लागू पडतो. प्रत्येक किनारी बसस्थानकात गाड्यांच्या फलकाशेजारी भरती-ओहोटीचा फलक लावण्यास फारसा खर्च येणार नाही. तो लावला जावा, अशी आग्रहाची सूचना येथे नमूद करावीशी वाटते.

अलिबाग हे पहिले मोठे उतरण्याचे ठिकाण. समोरच्या समुद्रातील कुलाबा किल्ल्याचे बांधकाम शिवछत्रपतींनी १६८० मध्ये आरंभिले आणि ते संभाजी महाराजांच्या कारकिर्दीत पुरे झाले. तटाचे प्रचंड चिरे चुन्याने दरजा न भरता एकमेकांवर रचलेले आहेत. लाटेचे पाणी फटींत शिरून तिचा जोर तेथेच विरतो. आतील सिद्धिविनायकाचे मंदिर राघोजी आंग्रे यांनी १७५९ मध्ये उभारले. तटावरील चाकांच्या तोफांवर १८४९ हे वर्ष व यॉर्कशरमधील कारखान्याचे नाव कोरलेले आहे, म्हणजेच त्या आंग्र्यांच्या काळानंतरच्या आहेत, हे पाहणाऱ्याने लक्षात घ्यावे. सरखेल कान्होजी आंग्रे १७२९ मध्ये निवर्तले. त्यांची समाधी गावातच आहे, आणि किल्ल्याकडे धाव घेणाऱ्या पर्यटकांपैकी फार थोडे तिच्यापुढे क्षणभर थांबतात. ज्या पुरुषाच्या दस्तकावाचून या समुद्रात गलबत हाकारणे इंग्रज व पोर्तुगीजांनाही जड जाई, त्याच्या समाधीस इतके एकाकीपण शोभत नाही. आंग्र्यांचे संस्थान १८४० मध्ये कंपनी सरकारने खालसा केले, १८६९ मध्ये कुलाबा जिल्हा निर्माण झाला आणि १ जानेवारी १९८१ रोजी त्याचे नामांतर रायगड असे करण्यात आले.

अलिबागेतील भूचुंबकीय वेधशाळा ही तितकीच मोलाची असून तिची कथा मुंबईच्या वाहतुकीशी निगडित आहे. मुंबईत कुलाब्यास एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून चुंबकीय नोंदी होत होत्या. शहरात विजेच्या ट्राम येणार असे ठरताच त्यांच्या प्रवाहाने नोंदी दूषित होतील हे ओळखून संचालक डॉ. नानाभाई मूस यांनी समुद्रापलीकडील अलिबागची निवड केली. लोहांश नसलेल्या दगडाने बांधलेल्या इमारतींत १९०४ मध्ये काम सुरू झाले, काही काळ दोन्ही स्थळी समांतर नोंदी घेण्यात आल्या आणि १९०७ मध्ये ट्राम धावू लागण्यापूर्वी स्थलांतर पुरे झाले. त्या दूरदृष्टीमुळे पृथ्वीच्या चुंबकत्वाची जगातील एक प्रदीर्घ अखंड नोंदमालिका आज भारताच्या स्वाधीन आहे.

अलिबागच्या उत्तरेस किहीम येथे सलीम अली यांनी १९३० मध्ये सुगरण पक्ष्याच्या घरट्यांचे व कुटुंबरचनेचे ते निरीक्षण केले, ज्याने पक्षिशास्त्रज्ञ म्हणून त्यांची कीर्ती प्रस्थापित झाली. जवळच्या नवगावास बेने इस्रायल समाज आपल्या पूर्वजांचे गलबत फुटल्याची परंपरा जोडतो आणि तेथील प्राचीन दफनभूमीस आदराने भेट देतो. या मराठी बोलणाऱ्या यहुद्यांचे प्रार्थनामंदिर अलिबागेत आहे. दक्षिणेकडे पहिलेच गाव आक्षी. तेथील गद्धेगाळावरील (शापदर्शक शिळेवरील) लेख शके ९३४ (इ.स. १०१२) चा म्हणून वाचला गेला असून मराठीच्या सर्वांत जुन्या लेखांत त्याची गणना होते, कालनिर्णयाविषयी विद्वानांत मतभेद असले तरी मराठी वाचकाने येथे गाडी सोडून उतरणे उचितच.

अलिबागहून सुमारे सतरा किलोमीटरवरील चौल व रेवदंडा ही जोडगावे किनारदर्शनाचा गाभा होत. ग्रीक-रोमन लेखकांना सेमुल्ल या नावाने परिचित असलेले हे बंदर मध्ययुगात अरब व्यापाऱ्यांचे मोठे केंद्र होते. वास्को द गामाच्या सुमारे तीन दशके आधी अफनासी निकितिन हा रशियन व्यापारी येथेच उतरला आणि लोकांचे पोशाख, आहार व रीतिरिवाज यांचे वर्णन त्याने लिहून ठेवले. १५०८ मध्ये याच पाण्यात पोर्तुगीज व इजिप्ती आरमारांची झुंज होऊन पोर्तुगीज व्हाइसरॉयचा पुत्र लोरेन्सु द अल्मेदा मारला गेला. पुढे पोर्तुगीजांनी रेवदंड्यास कोट घातला आणि १७४० मध्ये, वसईच्या पाडावानंतरच्या तहाने, हा मुलूख मराठ्यांकडे आला. आज त्या कोटाच्या आत माडा-पोफळींच्या वाड्या आहेत. त्यांच्यामधून ‘सातखणी’ मनोऱ्यापर्यंत आणि भग्न चर्चपर्यंत जाणारी पायवाट चालण्यास दोन तास तरी हाती ठेवावेत. चौलचे रामेश्वर मंदिर व टेकडीवरील दत्तस्थान यांसाठी तितकेच. या गावांतून गाडीच्या खिडकीतून बाजारपेठ पाहून पुढे जाणारा प्रवासी किनाऱ्याचा सर्वांत समृद्ध अध्याय न वाचताच पुढे जातो.

कुंडलिका नदीच्या मुखावरील साळावचा पूल ओलांडला की कोर्लई लागते. डोंगरसोंडेवरील किल्ला प्रसिद्ध आहेच, परंतु त्याच्या पायथ्याच्या वस्तीतील ख्रिस्ती कुटुंबांची बोली ही त्याहून दुर्मीळ ठेव आहे. पोर्तुगीज सत्ता येथून उठल्यावरही, चहूकडे मराठी बोलली जात असताना, या लहानशा समाजाने पोर्तुगीज व मराठी यांच्या संयोगातून घडलेली आपली भाषा पिढ्यान्‌पिढ्या घरात टिकवली. जगातील भाषाशास्त्रज्ञांनी तिचा अभ्यास केला आहे; आपल्या विद्यापीठांनीही तिच्याकडे अधिक आस्थेने पाहावे.

पुढे काशीदची वाळू. सुट्टीच्या दिवशी तेथे गर्दी फार होते. जंजिऱ्याच्या नवाबांचे शिकारीचे रान असलेले फणसाड १९८६ मध्ये अभयारण्य घोषित झाले. नांदगाव हे ‘ग्रहलाघव’कार गणेश दैवज्ञांचे गाव, १५२० च्या सुमारास येथे रचलेल्या त्या ग्रंथावरून देशभरचे पंचांगकर्ते शतकानुशतके गणित करीत आले.

मुरूडनजीकच्या राजपुरीहून शिडाच्या होड्या जंजिऱ्यास नेतात. सिद्दींचा हा जलदुर्ग मराठ्यांना अखेरपर्यंत जिंकता आला नाही. संभाजी महाराजांनी १६८२ मध्ये समुद्रात दगडांचा सेतू घालून पाहिला आणि शिवछत्रपतींनी समोर पद्मदुर्ग उभारून त्यास शह दिला होता. दरवाजा अगदी निकट गेल्याखेरीज दिसत नाही. आत कलाल बांगडी ही अजस्र तोफ आणि गोड्या पाण्याचे तलाव आहेत. जंजिरा संस्थान १९४८ मध्ये भारतात विलीन झाले. होडीवाले किल्ल्यात साधारण पाऊण तासच थांबतात. एवढ्या दुर्गास तो अवधी अपुरा आहे, म्हणून गर्दी नसलेल्या दिवशी सकाळची पहिली होडी धरावी.

आगरदांड्याहून फेरीबोटीने दिघीस उतरल्यावर दिवेआगर येते. तेथील पोफळीच्या बागेत १९९७ मध्ये सापडलेला सुवर्णगणेश २०१२ मध्ये चोरीस गेला, त्या दरोड्यात दोन रखवालदारांचे प्राण गेले, आणि २०२१ मध्ये मूर्तीची पुनःप्रतिष्ठा झाली. श्रीवर्धन हे पेशवे भट घराण्याचे मूळ गाव, रोठा सुपारीसाठी नावाजलेले. हरिहरेश्वराची खडकांवरून जाणारी प्रदक्षिणा ओहोटीसच करावी. भरती चढू लागल्यावर तेथे जाण्याचे धाडस अनेकांच्या जिवावर बेतले आहे. नजीकच्या बागमांडल्याहून फेरीबोट सावित्रीच्या खाडीपलीकडे, रत्नागिरी जिल्ह्यातील वेसवीस पोहोचविते. तिचे भाडे वेगळे भरावे लागते. पैलतीरावरील मंडणगड आगाराच्या गाड्यांत मात्र, मुदत शिल्लक असल्यास, तोच ‘आवडेल तेथे प्रवास’ पास चालतो.