पंधरा अंकांचा इतिहास: आयएमईआय आणि कायदा

१/ आपल्या फोनवर *#०६# दाबा. पडद्यावर उमटणारा पंधरा अंकी क्रमांक म्हणजे आयएमईआय. पहिले आठ अंक फोनचे मॉडेल सांगतात, पुढचे सहा त्या एका फोनचे असतात आणि शेवटचा अंक आधीचे चौदा ताडून पाहण्यासाठी असतो. सिम बदलले तरी हा क्रमांक तोच राहतो. तो बदलणे गुन्हा कसा ठरले, त्याची ही हकीकत.

२/ चोरीचा फोन याच क्रमांकाच्या आधारे बंद पाडता येतो. साहजिकच चोरांनी क्रमांकच बदलण्यास आरंभ केला. ब्रिटनने २००२ मध्ये स्वतंत्र कायदा करून त्यासाठी पाच वर्षांपर्यंतचा कारावास ठरवला.

३/ भारतात हा प्रश्न निराळ्या वाटेने आला. बाजारात स्वस्त आयात फोनांची रेलचेल होती. कित्येकांत आयएमईआय नव्हताच, किंवा सगळी शून्ये होती. अशा फोनचा माग काढणार कसा? २६ नोव्हेंबर २००८ च्या मुंबईवरील हल्ल्यानंतर ही चिंता तीव्र झाली. अखेर ३० नोव्हेंबर २००९ ही असे फोन बंद करण्याची मुदत ठरली. तत्पूर्वी अल्प शुल्कात अस्सल क्रमांक बसवून देणारी अधिकृत केंद्रेही उघडली होती.

४/ ऑगस्ट २०१७ च्या नियमांनी निर्मात्याखेरीज कोणीही हेतुपुरस्सर हा क्रमांक बदलणे बेकायदा ठरवले. आधार होता १८८५ चा तार अधिनियम! तारसेवा २०१३ मध्येच बंद झाली होती. तिचा कायदा मात्र स्मार्टफोनवर पहारा देत होता.

५/ सप्टेंबर २०१९ मध्ये चोरीचे फोन रोखणारी केंद्रीय नोंदवही प्रथम महाराष्ट्रात सुरू झाली. पण २०२० मध्ये मेरठ पोलिसांच्या तपासात एकाच आयएमईआयवर तेरा हजारांहून अधिक फोन चालत असल्याचे उघड झाले. एका क्रमांकाचे इतके धनी असतील, तर गुन्हेगार कोणता आणि निरपराध कोणता?

६/ दूरसंचार अधिनियम, २०२३ च्या कलम ४२ नुसार क्रमांकात फेरफार केल्यास तीन वर्षांपर्यंत कारावास, पन्नास लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. फेरफार केलेला फोन जाणूनबुजून बाळगणाऱ्यासही तीच शिक्षा आहे.

७/ म्हणून जुना फोन घेताना आधी त्याचा क्रमांक ‘संचार साथी’वर पडताळा आणि पावती मागा. क्रमांक पुसला की चोराचा माग पुसतो. पण फोन हरवला, तर तो आपलाच होता हे सांगणारी खूणही त्याच वेळी पुसलेली असते.