एकशे तीन विजय आणि रिकामे हात : ‘वाइल्ड कार्ड’ची कथा

३ ऑक्टोबर १९९३, रविवार. लॉस एंजेलिसच्या डॉजर स्टेडियमवर सॅन फ्रान्सिस्को जायंट्स हा बेसबॉल संघ हंगामातील आपला १६२वा आणि शेवटचा साखळी सामना खेळत होता. त्यांच्या खात्यावर १०३ विजय जमा होते. अटलांटा ब्रेव्ह्ज हा संघही १०३ विजयांवरच उभा होता. त्या दिवशी अटलांटाने कोलोरॅडो रॉकीज या नवख्या संघाला हरवले. त्या हंगामात या दोघांची गाठ १३ वेळा पडली होती आणि तेराही वेळा अटलांटाच जिंकले होते. इकडे डॉजर्सनी जायंट्सचा १२-१ असा धुव्वा उडवला. अटलांटा १०४, सॅन फ्रान्सिस्को १०३. एका विजयाच्या फरकाने जायंट्सचा हंगाम तिथेच संपला.

त्याच वर्षी बाद फेरीत गेलेल्या उरलेल्या तीन संघांचे आकडे असे होते : फिलाडेल्फिया ९७ विजय, टोरंटो ९५, शिकागो व्हाइट सॉक्स ९४. या तिघांहून जास्त सामने जिंकलेला संघ मात्र घरी बसला. जुलैच्या उत्तरार्धात हाच संघ अटलांटाच्या सुमारे १० सामने पुढे होता, आणि आदल्या वर्षी तो फक्त ७२ सामने जिंकू शकला होता. १९९२ मध्ये तर तो विकला जाऊन फ्लोरिडात जाण्याच्या बेतात होता. विक्री रोखली गेली, नवे मालक आले, बॅरी बाँड्ससारखा खेळाडू आला, डस्टी बेकर हे नवे प्रशिक्षक आले आणि शहराचा संघ शहरातच राहिला. इतक्या उलथापालथीनंतर हाती काय आले, तर दुसरा क्रमांक. आणि त्या काळी दुसऱ्या क्रमांकाला काहीच मिळत नसे.

हा अन्याय केवळ नशिबाचा नव्हता. त्यात नकाशाचाही हात होता. अमेरिकी व्यावसायिक बेसबॉलमध्ये नॅशनल लीग आणि अमेरिकन लीग अशा दोन लीग आहेत. १९६८ पर्यंत हिशेब सरळ होता : प्रत्येक लीगचा अव्वल संघ थेट वर्ल्ड सिरीज, म्हणजे अंतिम मालिका खेळे. १९६९ मध्ये संघांची संख्या २४ झाली, तेव्हा प्रत्येक लीगचे पूर्व आणि पश्चिम असे दोन विभाग केले गेले. त्या वाटणीत नॅशनल लीगमधील शिकागो आणि सेंट लुईस पूर्व विभागात गेले, तर त्यांच्याहून पूर्वेला असलेली अटलांटा आणि सिनसिनाटी ही शहरे पश्चिम विभागात पडली. अटलांटा हे जॉर्जिया राज्यातले शहर, सॅन फ्रान्सिस्कोपासून जवळजवळ साडेतीन हजार किलोमीटर दूर. तरी दोघे एकाच विभागात! वाटणी भूगोलाला धरून झाली असती, तर १९९३ मध्ये दोन्ही संघ आपापल्या विभागांचे विजेते ठरले असते.

विभाग पाडले की ही अडचण येतेच. दोन बलाढ्य संघ एका विभागात सापडतात आणि शेजारच्या विभागात सामान्य संघ पहिला येतो. १९७३ मध्ये न्यूयॉर्क मेट्सनी ८२ सामने जिंकले, ७९ गमावले, आणि तेवढ्यावर पूर्व विभाग जिंकून ते थेट वर्ल्ड सिरीजपर्यंत पोहोचले. आपल्याकडे आयपीएलमध्ये हा प्रश्न उद्भवत नाही. २०२२ पासून तिथे दोन गट आहेत खरे, पण ते सामन्यांचे वेळापत्रक आखण्यापुरते. गुणतालिका एकच आणि पहिले चार संघ पुढे. अमेरिकेतली अंतरे, संघांची संख्या आणि शेजाऱ्यांमधली जुनी वैरे पाहता विभाग टाळणे तिथल्या लीगना कधी जमले नाही. म्हणून त्यांना दुसरी वाट शोधावी लागली.

ती वाट आधी फुटबॉलला सापडली. (इथे फुटबॉल म्हणजे अर्थातच अमेरिकी फुटबॉल, अंडाकृती चेंडूचा.) १९६७ चा एनएफएलचा हंगाम पाहा. बाल्टिमोर कोल्ट्स हा संघ शेवटच्या सामन्यापर्यंत अपराजित होता : ११ विजय, २ बरोबरी. १७ डिसेंबरला लॉस एंजेलिस रॅम्सनी त्यांना ३४-१० असे हरवले आणि दोन्ही संघांची कामगिरी तंतोतंत सारखी झाली : ११ विजय, १ पराभव, २ बरोबरी. विभाग एकच, जागा एकच. आपसातल्या दोन सामन्यांतील गुणांचा फरक पाहिला गेला आणि रॅम्स पुढे गेले. अख्ख्या हंगामात एकच सामना हरलेला कोल्ट्सचा संघ बाहेर पडला. शेजारच्या विभागातून ९ विजय आणि ४ पराभव घेऊन आलेल्या ग्रीन बे पॅकर्सनी पुढे सुपर बोल जिंकला.

१९७० मध्ये एनएफएल आणि तिची प्रतिस्पर्धी एएफएल यांचे विलीनीकरण पूर्ण झाले. २६ संघांची दोन ‘कॉन्फरन्स’मध्ये आणि प्रत्येक कॉन्फरन्सची तीन विभागांत वाटणी झाली. तीन विभागांचे तीन विजेते. पण उपांत्य फेरीला चार संघ लागतात. मग चौथा कोण? विभागविजेते वगळून उरलेल्यांत ज्याची कामगिरी सर्वोत्तम, तो. हीच वाइल्ड कार्डची मूळ व्याख्या. पुढे पुष्कळ बदल झाले तरी तिचा गाभा तोच राहिला. नाव पत्त्यांच्या खेळातून आले. रमीतला जोकर कोणत्याही पानाची जागा घेतो, तसा हा संघ कोणत्याही विभागातून येऊ शकतो. आपल्याकडे ‘वाइल्ड कार्ड एंट्री’ म्हटले की दूरदर्शनवरच्या स्पर्धांत मागाहून घुसवलेला पाहुणा आठवतो आणि टेनिसमध्ये तर ती आयोजकांची मेहेरबानी असते. अमेरिकी लीगमधले वाइल्ड कार्ड कोणी कोणाला देत नाही, ते मैदानावर कमवावे लागते. पहिल्या वर्षी ते मायामी डॉल्फिन्स आणि डेट्रॉइट लायन्स यांनी कमावले. या वाटेने येऊन सुपर बोल जिंकणारा पहिला संघ १९८० च्या हंगामातला ओकलंड रेडर्स.

एनएफएलने ही दारे पुढे हळूहळू रुंद केली. प्रत्येक कॉन्फरन्समधून १९७८ मध्ये दोन, १९९० मध्ये तीन, २००२ मध्ये विभाग चार झाल्यावर पुन्हा दोन, आणि २०२० पासून परत तीन वाइल्ड कार्ड संघ. विभागविजेत्याचा मान मात्र तिने कधी कमी केला नाही. विभागविजेता कितीही दुबळा असो, त्याला वरचे मानांकन मिळते आणि सामना त्याच्याच मैदानावर होतो. २०१० च्या हंगामात सिॲटल सीहॉक्स ७ सामने जिंकून आणि ९ हरून विभागविजेते ठरले. ११ सामने जिंकलेल्या गतविजेत्या न्यू ऑर्लिन्स सेंट्सना वाइल्ड कार्ड म्हणून त्यांच्या मैदानावर जावे लागले, आणि तिथे ते ४१-३६ असे हरले. मार्शॉन लिंचने त्या दिवशी घेतलेल्या धावेनंतर प्रेक्षकांनी केलेल्या जल्लोषाची नोंद जवळच्या भूकंपमापक यंत्रावर झाली.

बेसबॉल मात्र कर्मठ. तिथे अनेकांच्या मते साखळी हंगाम हाच खरा धर्म होता आणि बाद फेरी हा त्याचा प्रसाद. सप्टेंबर १९९३ मध्ये संघमालकांनी तीन विभाग आणि एक वाइल्ड कार्ड ही रचना २७ विरुद्ध १ अशा मतांनी स्वीकारली. तारखांचा क्रम इथे ध्यानात घ्यावा. जायंट्सवरील अन्यायामुळे वाइल्ड कार्ड आले, असे पुष्कळदा सांगितले जाते. पण मतदान झाले तेव्हा जायंट्सचा हंगाम अजून संपायचा होता. औषध आधीच ठरले होते, रुग्ण नंतर आला आणि त्याला ते मिळाले नाही. दूरचित्रवाणीला अधिक बाद सामने हवे होते आणि ऑगस्टमध्येच आशा सोडणाऱ्या शहरांत प्रेक्षक टिकवायचे होते, ही कारणे अधिक खरी. विरोधातले एकमेव मत टेक्सास रेंजर्सचे होते. ते देणाऱ्या गृहस्थांचे नाव जॉर्ज डब्ल्यू. बुश. दुसऱ्या क्रमांकाच्या संघाला मागच्या दाराने आत घेतले तर सहा महिन्यांच्या शर्यतीचे मोल उतरेल, असा या विरोधामागचा विचार होता.

नवी रचना १९९४ मध्येच लागू झाली. पण ऑगस्टमध्ये खेळाडूंचा संप सुरू झाला आणि वर्ल्ड सिरीजच रद्द झाली. त्यामुळे पहिली वाइल्ड कार्डे निघाली १९९५ मध्ये, यँकीज आणि रॉकीज यांच्या नावाने. १९९७ मध्ये फ्लोरिडा मार्लिन्स हा वाइल्ड कार्ड संघ जगज्जेता झाला. २००२ मध्ये अंतिम मालिकेतले दोन्ही संघ वाइल्ड कार्डचे होते. त्यांतला एक होता जायंट्स. सातव्या सामन्यात ते ॲनाहाइम एंजल्सकडून हरले, पण ज्या दाराअभावी नऊ वर्षांपूर्वी ते बाहेर राहिले होते, त्याच दारातून ते आत आले होते.

विरोधकांची शंका अगदीच पोकळ नव्हती. १९९६ मध्ये डॉजर्स आणि सॅन डिएगो पाद्रेस हंगामाच्या अखेरच्या दिवशी विभागाच्या विजेतेपदासाठी एकमेकांशी खेळले. एरवी श्वास रोखून पाहावा असा सामना. पण दोघांचाही बाद फेरीतला प्रवेश आधीच पक्का होता. हरणाऱ्याचे काही जाणार नव्हते. पहिला क्रमांक हा जणू शोभेचा झाला होता.

त्यावर तोड म्हणून २०१२ पासून प्रत्येक लीगमध्ये दोन वाइल्ड कार्ड संघ आणि त्यांच्यात एकच निर्णायक सामना, अशी योजना आली. वाइल्ड कार्ड संघाला आता एका दिवसाच्या जुगाराला सामोरे जावे लागे, म्हणून विभाग जिंकण्याला पुन्हा किंमत आली. उपाय हुशार होता. पण बेसबॉलमध्ये १०० सामने जिंकणारा उत्तम संघही ६२ सामने हरतोच. अशा खेळात एका सामन्याने काय सिद्ध होणार? २०१५ मध्ये साऱ्या बेसबॉलमधील सर्वोत्तम तीन संघ एकाच विभागात होते : सेंट लुईस १००, पिट्सबर्ग पायरेट्स ९८, शिकागो कब्ज ९७. नियमानुसार पिट्सबर्ग आणि शिकागो यांचा एकच सामना झाला. पिट्सबर्ग ४-० हरले आणि ९८ विजयांचा हंगाम एका संध्याकाळी मिटला. त्याच लीगमध्ये ९० विजयांचे मेट्स विभागविजेते म्हणून निवांत होते. १९९३ चा अन्याय नाहीसा झाला नव्हता, त्याने फक्त जागा बदलली होती.

हॉकी आणि बास्केटबॉलबद्दल थोडक्यात. एनएचएलमध्ये २०१३-१४ पासून प्रत्येक विभागातले पहिले तीन आणि प्रत्येक कॉन्फरन्समधले दोन वाइल्ड कार्ड संघ पुढे जातात. एनबीए हा शब्द वापरत नाही; तिथे सातव्या ते दहाव्या क्रमांकाच्या संघांत शेवटच्या दोन जागांसाठी ‘प्ले-इन’ सामने होतात. २०२३ च्या वसंतात या दोन्ही खिडक्यांतून आलेले दक्षिण फ्लोरिडाचे संघ अंतिम फेरीपर्यंत गेले. हॉकीतल्या पँथर्सनी पहिल्याच फेरीत बोस्टन ब्रुइन्सना घरी पाठवले. त्याच ब्रुइन्सनी त्या हंगामात ६५ विजयांचा विक्रम केला होता!

पुन्हा बेसबॉलकडे, आणि पुन्हा त्याच दोन संघांकडे. २०२१ मध्ये जायंट्सनी १०७ सामने जिंकले. हा त्यांच्या इतिहासातला सर्वोच्च आकडा. डॉजर्स १०६ वर राहिले. म्हणजे १९९३ चाच प्रसंग, भूमिका तेवढ्या उलट. पण आता १०६ विजयांचा संघ घरी बसणार नव्हता. डॉजर्सनी सेंट लुईसविरुद्धचा एकमेव सामना अखेरच्या डावातल्या होम रनने जिंकला आणि पाच सामन्यांच्या मालिकेसाठी ते जायंट्ससमोर उभे राहिले. न्यूयॉर्कच्या दिवसांपासून शतकाहून अधिक काळचे हे वैरी वाइल्ड कार्डमुळे प्रथमच बाद फेरीत भेटत होते. पाचवा सामना सॅन फ्रान्सिस्कोत झाला. डॉजर्स २-१ असे जिंकले; शेवटचा फलंदाज बाद ठरवण्याचा पंचांचा निर्णयही वादग्रस्त ठरला. सहा महिन्यांत एका विजयाने पुढे असलेला संघ आठवड्याभरात एका धावेने मागे पडला. त्या वर्षीचे जगज्जेते होते अटलांटा ब्रेव्ह्ज, साखळीत ८८ विजय मिळवलेले.

मालक आणि खेळाडू यांच्यातील ९९ दिवसांच्या टाळेबंदीनंतर २०२२ मध्ये वाइल्ड कार्डची संख्या प्रत्येक लीगमध्ये तीन झाली. एका सामन्याऐवजी तीन सामन्यांची मालिका आली आणि पहिल्या दोन विभागविजेत्यांना त्या फेरीतून सूट मिळाली. बरोबरी सोडवणारा १६३वा सामना मात्र रद्द झाला. २०२३ मध्ये १०० किंवा अधिक सामने जिंकणारे संघ तीन होते : अटलांटा, बाल्टिमोर आणि डॉजर्स. बाद फेरीत या तिघांनी मिळून एक सामना जिंकला. अंतिम मालिकेत दोन वाइल्ड कार्ड संघ पोहोचले. एक ॲरिझोना डायमंडबॅक्स, फक्त ८४ विजयांवर आलेला. दुसरा टेक्सास रेंजर्स. ९० विजयांवर ह्यूस्टनशी बरोबरी होऊनही आपसातल्या सामन्यांच्या हिशेबाने विभागाचे विजेतेपद गमावलेला आणि बाद फेरीत परक्या मैदानांवरचे ११ पैकी ११ सामने जिंकणारा. रेंजर्सचे ते पहिलेच जगज्जेतेपद.

२७ ऑक्टोबर २०२३ रोजी आर्लिंग्टनमध्ये त्या अंतिम मालिकेचा पहिला सामना झाला. प्रथेप्रमाणे मानाचा पहिला चेंडू टाकायला रेंजर्सचे एक माजी मालक मैदानात उतरले. वय ७७, दोन वेळा अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष. तीस वर्षांपूर्वी वाइल्ड कार्डविरुद्ध एकमेव मत देणारे ते जॉर्ज डब्ल्यू. बुश होते.